जोडीदार: रोहन बोपण्णाची बावीस-तेवीस वर्षं

 

या मालिकेत आपण बहुतेक वेळा मोहिमा, किल्ले आणि सेनानी यांच्याविषयी बोलतो. होसकोटे हे गावच शहाजीराजांच्या बंगळूर जहागिरीतलं, त्यामुळे इथे बसून बोलणाऱ्याला विषयांची वाण नाही. आज मात्र एका खेळाडूची कारकीर्द सांगणार आहे. इथून पंचवीस-तीस किलोमीटरवर, बंगळुरूत ४ मार्च १९८० रोजी त्याचा जन्म झाला. नाव रोहन बोपण्णा. १ नोव्हेंबर २०२५ रोजी, वयाच्या ४५ व्या वर्षी, त्याने व्यावसायिक टेनिसला निरोप दिला.

इतिहासाच्या मालिकेत टेनिसपटू कशाला, असं काहींना वाटेल. माझं कारण सरळ आहे. बोपण्णा हा दुहेरीचा खेळाडू. ज्याचं काम दुसऱ्याच्या साथीशिवाय पूर्णच होत नाही, अशा माणसाचं मोल कसं ठरवायचं, हा प्रश्न मला फौजेत अनेकदा पडला. त्याच्या कारकिर्दीत या प्रश्नाचं बरंचसं उत्तर सापडतं.

आधी खेळ समजून घेऊ. टेनिसचं मैदान ७८ फूट लांब असतं. एकेरीत त्याची रुंदी २७ फूट धरतात. दुहेरीत दोन्ही बाजूंना साडेचार-साडेचार फुटांचे पट्टे जोडून ती ३६ फूट होते. म्हणजे माणसं दुप्पट झाली, पण जागा फक्त एक तृतीयांशाने वाढली. त्यामुळे मोकळी जागा फार कमी मिळते आणि चेंडू हवेतल्या हवेत, फार जवळून परततो. एक जण मागून सर्व्हिस करतो, दुसरा जाळ्याजवळ उभा असतो. जाळ्याजवळचा खेळाडू पाठीमागे हात नेऊन बोटांच्या खुणांनी सांगतो की आपण मधे झेप घेणार आहोत की जागेवर थांबणार आहोत. सर्व्हिस कुठे पडणार, हे त्या खुणेप्रमाणे ठरतं. सर्व्हिस चुकीच्या जागी पडली, तर जाळ्याजवळच्या माणसाची फजिती होते.

पायदळात काम केलेल्याला हे ओळखीचं वाटेल. आमच्याकडे प्रत्येक जवानाला एक ‘बडी’ असतो. एक पुढे सरकतो तेव्हा दुसरा त्याला फायरचं कव्हर देतो, मग अदलाबदल होते. पुढे धावणाऱ्याकडे सगळ्यांचं लक्ष जातं. त्याला धावता आलं ते कोणामुळे, हे फक्त त्या दोघांनाच ठाऊक असतं.

टेनिसच्या बाजारात या कामाची किंमत किती, तेही पाहा. २०२४ च्या ऑस्ट्रेलियन ओपनमध्ये पुरुष एकेरीच्या विजेत्याला ३१ लाख ५० हजार ऑस्ट्रेलियन डॉलर मिळाले. दुहेरीच्या विजेत्या जोडीला, दोघांत मिळून, ७ लाख ३० हजार. स्पर्धा तीच, करंडकही ग्रँड स्लॅमचाच, पण एकाच्या वाट्याला एकेरीच्या विजेत्याच्या साधारण आठव्या-नवव्या हिश्शाइतकीच रक्कम. म्हणूनच दुहेरीवाल्याला ‘एकेरीत जमलं नाही म्हणून इकडे आलेला’ असं हिणवायची पद्धत आहे.

बोपण्णाच्या बाबतीत या म्हणण्यात तथ्य नाही असं मी म्हणणार नाही. एकेरीत त्याचं सर्वोत्तम स्थान जगात २१३ वं, तेही २००७ मध्ये. त्या क्रमांकावर प्रवासाचा खर्च भागवणंही कठीण असतं. त्याचं घराणं कोडगूचं, म्हणजे आपण ज्याला कुर्ग म्हणतो तिथलं. वडील कॉफीचे मळेवाले. फील्ड मार्शल करिअप्पा आणि जनरल थिमय्या हेही याच छोट्या डोंगराळ जिल्ह्याचे. तिथे मूल मोठं होतं ते हॉकीच्या नादात. टेनिस हा काही तिथला खेळ नव्हे. मुलाने वैयक्तिक खेळ खेळावा ही वडिलांची इच्छा, म्हणून अकराव्या वर्षी त्याने रॅकेट हातात घेतली. सर्व्हिससाठी खांद्यात ताकद यावी म्हणून लाकडं फोडायची, दम वाढावा म्हणून कॉफीच्या मळ्यांतून धावायचं, असे ते दिवस होते. निवृत्त होताना त्याने या सगळ्याची आठवण काढली.

तो मोठा होत होता तेव्हा भारतीय टेनिसमध्ये दुहेरीचा सुवर्णकाळ चालू होता. १९९९ साली लिअँडर पेस आणि महेश भूपती यांनी चारही ग्रँड स्लॅमच्या अंतिम फेऱ्या गाठल्या आणि फ्रेंच ओपन व विम्बल्डन जिंकलं. पेसचं घराणं गोव्याचं. वडील वेस पेस १९७२ च्या म्युनिक ऑलिम्पिकमध्ये कांस्यपदक मिळवणाऱ्या हॉकी संघात होते. या जोडीने भारतीय मुलांना एक वाट दाखवली. पण मागून येणाऱ्यांच्या डोक्यावर तिची सावलीही पडली. बोपण्णा २००२ मध्ये डेव्हिस चषकात भारताकडून पहिल्यांदा खेळला, तेव्हापासून पुढची अनेक वर्षं तो याच सावलीत होता. पहिलं एटीपी दुहेरीचं विजेतेपद मिळालं ते २००८ मध्ये, लॉस एंजेलिसला, अमेरिकेच्या एरिक ब्युटोरॅकच्या साथीने. तेव्हा त्याला २८ वर्षं पूर्ण झाली होती.

मग आलं २०१० साल. त्या वर्षी त्याचा जोडीदार होता लाहोरचा ऐसाम-उल-हक कुरेशी. मुंबईवरच्या हल्ल्याला तेव्हा दोन वर्षंही झाली नव्हती. हे दोघे ‘युद्ध थांबवा, टेनिस सुरू करा’ अशा अर्थाचा इंग्रजी मजकूर लिहिलेले कपडे घालून विम्बल्डनला उतरले. वाघा सीमेवर जाळं बांधून सामना खेळायची इच्छाही त्यांनी बोलून दाखवली. सप्टेंबरमध्ये ते अमेरिकन ओपनच्या अंतिम फेरीत पोहोचले. तो सामना पाहायला संयुक्त राष्ट्रांतले भारत आणि पाकिस्तानचे राजदूत आले होते. ब्रायन बंधूंनी ७-६, ७-६ असा विजय मिळवला. दोन्ही सेट टायब्रेकपर्यंत गेले होते.

या जोडीविषयी माझं मत विचारलं जातं, म्हणून स्पष्ट सांगतो. मी गणवेशात आयुष्य काढलं आहे आणि तिरंग्यात गुंडाळलेल्या पेट्यांना खांदा दिला आहे. दोन माणसांनी मिळून टेनिस खेळल्याने सीमाप्रश्न सुटतो, यावर माझा विश्वास नाही. पण बोपण्णाने कुरेशीला निवडलं ते शांतीचा संदेश द्यायला नव्हे. दोघं लहान-मोठ्या स्पर्धांत वर्षानुवर्षं एकत्र खेळत आले होते आणि एकाचा खेळ दुसऱ्याला पूरक होता. संदेश नंतर आला, आधी काम आलं. म्हणूनच त्या मैत्रीत मला दिखाऊपणा दिसला नाही.

त्याच महिन्यातली दुसरी गोष्ट फार कमी सांगितली जाते. चेन्नईत भारताची डेव्हिस चषकात ब्राझीलशी लढत होती. पहिल्या दिवशी भारत ०-२ असा मागे पडला. दुहेरी पेस-भूपतींनी जिंकली, चौथा सामनाही भारताकडे आला, बरोबरी झाली. निर्णायक पाचवा सामना एकेरीचा होता आणि तो खेळायला उभा राहिला बोपण्णा. त्याने रिकार्डो मेलोला सरळ तीन सेटमध्ये हरवलं आणि भारत ३-२ असा जिंकला. ‘एकेरीत न जमलेल्या’ माणसाने देशासाठी जिंकून दिला तो एकेरीचाच सामना.

आता थोडा कडू भाग. २०१२ च्या लंडन ऑलिम्पिकच्या आधी पेसबरोबर कोण खेळणार यावरून जो वाद झाला, तो आपल्याला आठवत असेल. भूपती आणि बोपण्णा दोघांनीही पेसबरोबर खेळायला नकार दिला. अखेर भारताने दोन जोड्या पाठवल्या आणि पदक एकीलाही मिळालं नाही. २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकसाठी बोपण्णाने साकेत मायनेनीचं नाव सुचवलं होतं. संघटनेने पेसची निवड केली. ही जोडी पहिल्याच फेरीत बाद झाली. त्याच स्पर्धेत सानिया मिर्झाबरोबर मिश्र दुहेरीत तो कांस्यपदकाच्या सामन्यापर्यंत पोहोचला आणि हरला. भारताचा चौथा क्रमांक आला.

फौजेत बडी हुकमाने ठरतो आणि बहुतेक वेळा ते निभतं. कारण दोघे एकाच बरॅकमध्ये राहतात, एकाच ताटात जेवतात, महिनोन्‌महिने एकत्र सराव करतात. हुकूम ही फक्त सुरुवात असते. ऑलिम्पिकच्या तोंडावर कागदावर जोडी लिहिली जाते, तेव्हा हा सहवास कुठून आणणार? या वादात कोण चूक आणि कोण बरोबर याचा निवाडा मी करत नाही. नुकसान देशाचं झालं, एवढं मात्र खरं.

२०१७ मध्ये बोपण्णाला पहिलं ग्रँड स्लॅम मिळालं. फ्रेंच ओपनची मिश्र दुहेरी, साथीला कॅनडाची गॅब्रिएला डाब्रोव्स्की. पहिला सेट गेला होता, शेवटच्या टायब्रेकमध्ये प्रतिस्पर्ध्यांकडे दोन मॅच पॉइंट होते, तिथून दोघांनी १२-१० असा विजय खेचून आणला. पुरुष दुहेरीचं ग्रँड स्लॅम मात्र अजून हुलकावणी देत होतं.

चाळिशीनंतर परिस्थिती बिकट झाली. दोन्ही गुडघ्यांतली कूर्चा झिजून गेली होती. एका टप्प्यावर सलग पाच महिने एकही सामना जिंकता आला नाही. आता थांबतो, असा व्हिडिओ संदेश आपण पत्नीला पाठवला होता, हे त्याने पुढे स्वतःच सांगितलं. कोविडच्या सुमारास तो अय्यंगार योगाकडे वळला. गुडघ्यांवर ताण न देता मांड्या आणि पोटऱ्यांची ताकद वाढवणं, शरीर सरळ रेषेत ठेवणं, दोर आणि ठोकळे यांच्या आधाराने आसनात जास्त वेळ टिकणं, ही त्या पद्धतीची रीत. वेदनाशामक गोळ्यांशिवाय खेळता येऊ लागलं याचं श्रेय तो याच सरावाला देतो.

इथे आपल्या भागाचा एक धागा जुळतो. बी. के. एस. अय्यंगार यांचं जन्मगाव बेल्लूर. होसकोट्याहून कोलारच्या रस्त्याला लागलं की नरसापूरजवळ ते येतं. १९३७ मध्ये ते पुण्याला शिकवायला गेले आणि कायमचे पुणेकर झाले. १९७५ मध्ये त्यांची संस्था तिथे उभी राहिली. कोलार जिल्ह्यातल्या मुलाने पुण्यात घडवलेली विद्या परत बंगळुरूला आली आणि एका कोडव खेळाडूचे गुडघे तिने सावरले.

पुण्याशी बोपण्णाचं स्वतःचंही नातं आहे. बालेवाडीची महाराष्ट्र ओपन स्पर्धा त्याने दोनदा जिंकली: २०१९ मध्ये दिविज शरणबरोबर आणि २०२२ मध्ये रामकुमार रामनाथनबरोबर. आणि ३० सप्टेंबर २०२३ रोजी हांगझोच्या आशियाई स्पर्धेत मिश्र दुहेरीचं सुवर्ण त्याने मिळवलं ते आपल्या महाराष्ट्राच्या ऋतुजा भोसलेबरोबर. पहिला सेट २-६ असा गेला होता. तो ४३ वर्षांचा, अनेक ग्रँड स्लॅम खेळलेला. ती २७ वर्षांची. अशा वेळी मोठ्या खेळाडूचं काम असतं ते धाकट्या जोडीदाराला घाबरू न देणं. पुढचा सेट ६-३ आणि शेवटचा टायब्रेक १०-४.

२०२३ च्या सुरुवातीला त्याची जोडी ऑस्ट्रेलियाच्या मॅथ्यू एब्डनशी जमली. मार्चमध्ये दोघांनी इंडियन वेल्स जिंकलं आणि मास्टर्स दर्जाची स्पर्धा जिंकणारा सर्वात वयस्कर खेळाडू म्हणून बोपण्णाची नोंद झाली. सप्टेंबरमध्ये अमेरिकन ओपनची अंतिम फेरी गाठली, कुरेशीबरोबरच्या फेरीनंतर बरोबर १३ वर्षांनी. पुन्हा हार. मग जानेवारी २०२४, मेलबर्न. उपांत्य सामना शेवटच्या टायब्रेकपर्यंत ताणला गेला. २७ जानेवारीला अंतिम फेरीत बोलेली-वावासोरी या इटालियन जोडीवर ७-६, ७-५ असा विजय मिळाला. पुरुष दुहेरीतलं त्याचं हे पहिलंच ग्रँड स्लॅम, वय ४३. खुल्या टेनिसच्या काळात, म्हणजे १९६८ पासून, एवढ्या वयात कोणीही पुरुषांचं ग्रँड स्लॅम जिंकलेलं नव्हतं. दोन दिवसांनी तो दुहेरीत जगात पहिला झाला. त्याच वर्षी पद्मश्री मिळाली. पॅरिस ऑलिम्पिकमध्ये पहिल्या फेरीत हरल्यावर त्याने भारताची जर्सी उतरवली आणि पुढच्या वर्षी रॅकेटही ठेवली. कारकिर्दीत एटीपी दुहेरीची २६ विजेतेपदं जमा झाली.

ही यादी पुन्हा पाहा. ब्युटोरॅक, कुरेशी, भूपती, डाब्रोव्स्की, शरण, रामनाथन, ऋतुजा, एब्डन. अमेरिकन, पाकिस्तानी, कॅनेडियन, ऑस्ट्रेलियन आणि आपले स्वतःचे. प्रत्येकाबरोबर त्याला नव्याने खुणा ठरवाव्या लागल्या, नव्याने विश्वास कमवावा लागला. वयाबरोबर पायांचा वेग कमी होतो, पण जोडीदाराच्या मनात काय चाललंय हे ओळखायची नजर वाढत जाते. दुहेरीत तिला किंमत आहे, म्हणून चाळिशीनंतरही त्याला पुढे सरकता आलं. या कामाला दुय्यम म्हणणाऱ्यांनी मेलबर्नचा तो शेवटचा गुण एकदा पाहावा. मुला-नातवंडांपैकी एखादं ‘मुख्य’ जागेवर नाही म्हणून हिरमुसलं असेल, तर त्यालाही शेजारी बसवून दाखवावा.

पुढच्या भागात पुन्हा इतिहासाच्या जुन्या वाटेने, याच होसकोट्याच्या किल्ल्याकडे. तोवर तब्येतीला जपा. जय हिंद.