अभ्रिकांचे श्रेय

‘शोध’ या एका शब्दाकडून मराठी दोन कामे करून घेते. आपण एखाद्या वस्तूचा शोध घेतो, आणि एखाद्या गोष्टीचा शोध लागतो. पहिल्या वाक्यात माणूस कर्ता असतो. दुसऱ्यातून तो जवळजवळ नाहीसा होतो. अभ्रिकांचा इतिहास वाचताना हा व्याकरणातला भेद मला वारंवार आठवतो. आकाशातल्या कित्येक नामवंत अभ्रिकांचा शोध कोणी घेतलेला नव्हता, तो लागला. शोध घेतला जात होता तो भलत्याच कशाचा तरी. पुढे या लागलेल्या शोधाला कर्ता जोडण्याची वेळ आली, तेव्हा नाव कोणाचे घालायचे हा प्रश्न दर वेळी न्यायाने सुटला असे म्हणवत नाही.

सर्वांत ठळक अभ्रिकेपासूनच पाहा. मृग नक्षत्राच्या पोटात रुतलेल्या बाणाचे तीन तारे आपल्याकडे लहान मुलालाही दाखवता येतात. त्यांच्या किंचित दक्षिणेला, काळोख्या रात्री, नुसत्या डोळ्यांनाही एक धूसर ठिपका जाणवतो. गॅलिलिओने १६१० मध्ये याच भागातले दुर्बिणीतून दिसणारे नवे तारे हौसेने रेखाटले, पण त्याच्या चित्रात हा ठिपका नाही. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात फ्रान्समधील पैरेस्क या विद्वानाने तो पाहिला आणि आपल्या कागदांत टिपून ठेवला. ते टिपण प्रकाशात यायला विसावे शतक उजाडले. दरम्यान ख्रिस्तिआन हायगेन्झने १६५९ मध्ये या अभ्रिकेचे चित्र छापले होते, आणि दीर्घकाळ तिच्यापुढे त्याचेच नाव राहिले. छापील पानाचे सामर्थ्य असे असते.

मात्र या इतिहासातले सर्वांत रसाळ प्रकरण वृषभ राशीतले आहे. १७५८ च्या ऑगस्टमध्ये शार्ल मेसिए हा अठ्ठावीस वर्षांचा फ्रेंच निरीक्षक पॅरिसमध्ये एका धूमकेतूच्या मागावर होता. हॅलीने भाकीत केलेला धूमकेतूही त्याच सुमारास परतायचा होता. तो कोठे उगवेल याचा नकाशा मेसिएचे वरिष्ठ दलील यांनी आखून दिला होता, आणि तो चुकीचा होता. २८ ऑगस्टला बैलाच्या दक्षिणेकडील शिंगाजवळ त्याला मेणबत्तीच्या ज्योतीसारखा निमुळता, पांढुरका प्रकाश दिसला. धूमकेतूच म्हणायचा, परंतु धूमकेतू ताऱ्यांमधून सरकतो आणि हा जागचा हलेना. १२ सप्टेंबरला मेसिएने त्याचे स्थान मोजून ठेवले. पुन्हा अशी फसगत होऊ नये, म्हणून पुढे त्याने अशा सर्व स्थिर डागांची यादीच करायला घेतली. १७७४ मध्ये छापलेल्या पहिल्या यादीत ४५ नोंदी होत्या, १७८१ मध्ये त्या १०३ झाल्या, आणि नंतरच्या अभ्यासकांनी भर घालून त्या ११० वर नेल्या. यादी सहसा हव्या असलेल्या वस्तूंची करतात. ही नकोशा वस्तूंची होती. मेसिएने ज्यांच्यासाठी रात्री जागवल्या ते त्याचे धूमकेतू आज अभ्यासकांखेरीज कोणाला आठवत नाहीत. अडगळ म्हणून बाजूला सारलेल्या त्या डागांनी मात्र त्याला अमर केले. वृषभातली ती ज्योत यादीत पहिली आहे: ‘एम १’.

पण पहिला पाहणारा मेसिए नव्हता. जॉन बेव्हिस या इंग्रज वैद्याने ती १७३१ मध्येच पाहून आपल्या तारानकाशांत दाखवली होती. ते नकाशे ग्रंथरूपाने रीतसर निघायच्या आतच, १७५० मध्ये, प्रकाशकाचे दिवाळे वाजले. १७७१ मध्ये बेव्हिसने मेसिएला पत्राने हे कळवले, आणि मेसिएने बेव्हिसचे अग्रस्थान मान्य केले. हा उमदेपणा विशेष नोंदवावासा वाटतो, कारण शास्त्राच्या इतिहासात त्याचा सुकाळ नाही.

त्याही मागे जायचे तर १०५४ साल गाठावे लागते. त्या वर्षीच्या ४ जुलैला चिनी दरबारच्या ज्योतिषांनी याच शिंगाजवळ एक ‘अतिथी तारा’ नोंदवला. तो तेवीस दिवस भर उजेडी दिसत होता आणि रात्रीच्या आकाशातून मावळायला १०५६ चा एप्रिल आला. फुजिवारा नो तेइका या जपानी कवीने सुमारे पावणेदोनशे वर्षांनंतर आपल्या रोजनिशीत जुन्या अतिथी ताऱ्यांची टिपणे उतरवून घेतली, त्यांत हाही आहे. मग आपल्या पूर्वजांनी काही लिहिले नाही काय, असा प्रश्न मराठी वाचकाला पडणारच. जयंत नारळीकर आणि संस्कृत पंडिता सरोजा भाटे यांनी प्राचीन व मध्ययुगीन साहित्यात तो शोध घेतला. निःसंदिग्ध अशी नोंद हाती आली नाही. एखाद्या श्लोकाला पीळ देऊन त्यातून तारा काढणे फारसे अवघड नव्हते. तसे न करता त्यांनी रिकाम्या हातांचा अहवाल दिला, हे मला अधिक मोलाचे वाटते.

चिनी पाहुणा आणि मेसिएची ज्योत या दोन गोष्टी एकच, हे ध्यानात यायला १९२१ उजाडावे लागले. त्या वर्षी छायाचित्रांच्या तुलनेवरून ही अभ्रिका पसरत आहे असे दिसले. १९२८ मध्ये हबलने हिशेब मांडला, की हा प्रसार उलटा मोजत गेल्यास सुमारे नऊशे वर्षांपूर्वीच्या स्फोटापाशी पोचतो. तोवर तिला ‘खेकडा’ हे नाव चिकटले होते. ते आयर्लंडच्या लॉर्ड रॉसने १८४४ च्या सुमारास काढलेल्या चित्रावरून पडले. गंमत अशी, की पुढे अधिक मोठ्या दुर्बिणीतून पाहता त्यालाच खेकडा दिसेना. नाव राहिले ते राहिलेच.

या डागांत असते तरी काय, याचा पहिला ठाम पुरावा विल्यम हगिन्सने दिला. पुरेशी मोठी दुर्बीण मिळाली की प्रत्येक डाग ताऱ्यांत सुटा होईल, असा तोवर अनेकांचा होरा होता. २९ ऑगस्ट १८६४ रोजी हगिन्सने कालेय तारकासमूहातील एका अभ्रिकेचा प्रकाश लोलकातून पाहिला. ताऱ्याचा अखंड वर्णपट अपेक्षित होता, दिसली ती एक हिरवी रेषा. उपकरणात बिघाड झाला असावा, असे त्याला प्रथम वाटले. वस्तुतः समोर तप्त, विरळ वायू होता. तेव्हापासून ‘तेजोमेघ’ हा शब्द अशा अभ्रिकांना अक्षरशः लागू पडतो.

ज्या अभ्रिकेला तो मुळीच लागू पडत नाही, ती विलियमिना फ्लेमिंग यांना सापडली. फ्लेमिंगबाई मूळच्या स्कॉटलंडमधील डंडीच्या. अमेरिकेत आल्यावर नवऱ्याने टाकले, तेव्हा त्या गरोदर होत्या. हार्वर्ड वेधशाळेचे संचालक एडवर्ड पिकरिंग यांच्या घरी त्या मोलकरीण म्हणून लागल्या, आणि १८८१ पासून वेधशाळेतच कायम नोकरीत आल्या. रात्री दुर्बिणीशी पुरुष बसत. दिवसा काचेच्या छायाचित्रपट्ट्या भिंगाखाली तपासण्याचे काम स्त्रियांचे. १८८८ मध्ये घेतलेल्या बी २३१२ क्रमांकाच्या पट्टीवर, बाणाच्या पूर्वेकडील ताऱ्याच्या दक्षिणेला पसरलेल्या उजेडात, बाईंना एक अर्धवर्तुळाकार खाच दिसली. खाच म्हणजे उजेडाचा अभाव. तो टिपायला निराळीच नजर लागते: पट्टीवरचा डाग किंवा काचेतला दोष म्हणून तिची बोळवण सहज झाली असती. हीच आजची अश्वशीर्ष अभ्रिका. मागच्या प्रकाशाला झाकणारा तो धुळीचा काळा ढग आहे, हे पटायला मात्र पुढे कित्येक वर्षे जावी लागली.

हा शोध हार्वर्डच्या वृत्तांतात छापला गेला. १८९५ मध्ये ड्रायरने आपल्या प्रसिद्ध सूचीचा पहिला पुरवणी भाग काढला, त्यात हार्वर्डमधल्या शोधांपुढे फक्त ‘पिकरिंग’ असे नाव घातले. बहुतेक वाचकांनी त्याचा अर्थ संचालक पिकरिंग असाच घेतला. १९०८ च्या दुसऱ्या भागात बाईंच्या नंतरच्या शोधांना त्यांचे नाव मिळाले, जुनी नोंद तशीच राहिली. १८९९ मध्ये त्यांना छायाचित्रसंग्रहाच्या प्रमुखपदी नेमले होते. तरी १९०० च्या रोजनिशीत त्यांनी लिहून ठेवले आहे, की आपल्याला वर्षाला १५०० डॉलर मिळतात आणि पुरुष साहाय्यकांना २५००. पिकरिंग यांच्याविषयीचा आदर आणि ही बोच दोन्ही त्या पानांत शेजारी शेजारी आहेत.

१९११ मध्ये फ्लेमिंगबाई वारल्या. आठ वर्षांनी एडवर्ड बार्नार्डने १८२ काळ्या अभ्रिकांची सूची प्रसिद्ध केली. बाईंची खाच तीत तेहतिसाव्या क्रमांकावर आहे, आणि तारानकाशांत ती ‘बार्नार्ड ३३’ म्हणून छापली जाते.