अर्धेलीची चव : तोस्कानातील तीन डोंगरगावे

जुने गोवे येथील बॉम जेझुच्या बॅसिलिकेत संत फ्रान्सिस झेवियरची चांदीची पेटी ज्या संगमरवरी चबुतऱ्यावर ठेवलेली आहे, तो चबुतरा गोव्यात घडलेला नाही. पेटी येथल्या कारागिरांची. खालचे काम मात्र फ्लोरेन्सचा शिल्पकार जोव्हान्नी बात्तिस्ता फोज्जिनी याचे. तोस्कानाचा, म्हणजे आपण ज्याला टस्कनी म्हणतो त्या राज्याचा अधिपती कोझिमो तिसरा मेदिची याने ते करवून घेऊन समुद्रमार्गे गोव्यास धाडले आणि १६९८ साली ते येथे उभे राहिले. याच कोझिमोने पुढे १७१६ साली एक फर्मान काढून किआंती, पोमिनो, कार्मिन्यानो आणि वरचे वाल्दार्नो या चार मुलखांच्या हद्दी आखून दिल्या. परदेशी रवाना होणाऱ्या वाइनमध्ये लबाडी होऊ नये, त्या त्या मुलखाच्या नावाने तेथलाच माल विकला जावा, असा त्यामागील हेतू होता. वाइनच्या नावाला जमिनीची हद्द लावून देण्याचा युरोपातील हा अगदी आरंभीचा प्रयत्न मानला जातो.

हद्दी, उतारे आणि कूळ-मुंडकारांचे दावे यांतच ज्याची नोकरी सरली, त्याला या फर्मानाचे कुतूहल वाटावे यात नवल नाही. परंतु हद्द आखली की महसूल खात्यातील माणसाच्या मनात लगेच दुसरा प्रश्न उभा राहतो : जमीन कोणाची, आणि कसतो कोण? तोस्कानाच्या डोंगरगावांविषयी आजकाल जे पुष्कळ लिहिले जाते, त्यात हा प्रश्न सहसा येत नाही.

सिएना शहरातून हल्ली एका दिवसाच्या खाद्य-फेऱ्या निघतात. सात-आठ प्रवासी, एक लहान गाडी, एक माहीतगार. सकाळी मोंताल्चिनो, दुपारी मोंतेपुल्चानो, सायंकाळी पिएंझा. तीनही गावे टेकड्यांच्या माथ्यावर, तटबंदीने वेढलेली, एकमेकांपासून तासाभराच्या आतल्या अंतरावर. काही वर्षांपूर्वी प्रस्तुत लेखकास अशा एका फेरीत सामील होण्याचा योग आला. आमचा माहीतगार मोठा जाणकार होता. द्राक्षांच्या जाती, पिंपांचे लाकूड, कोणत्या साली पाऊस कसा पडला, हे सारे त्याच्या जिभेवर होते. मात्र दिवसभरात 'मेझाद्रिया' हा शब्द त्याने एकदाच उच्चारला, तोही दूरवरचे एक दगडी घर दाखविताना. वस्तुतः त्या दिवशी आम्ही जे जे खाल्ले आणि चाखले, त्यातील बहुतेकाची जन्मकथा त्या एका शब्दात होती.

मेझाद्रिया म्हणजे अर्धेल. इटालियन भाषेतील 'अर्धा' या शब्दावरूनच हे नाव पडले. तेराव्या-चौदाव्या शतकांत सिएना आणि फ्लोरेन्स येथील सराफ व व्यापारी यांनी शहराबाहेरच्या जमिनी घेतल्या, त्यांचे 'पोदेरे' नावाचे तुकडे पाडले आणि प्रत्येक तुकड्यावर एक घर बांधून त्यात एक कुटुंब बसविले. जमीन आणि घर मालकाचे, मेहनत कुटुंबाची, पीक निम्मे-निम्मे. सिएनाच्या नगरभवनात आम्ब्रोज्यो लोरेंझेत्तीने १३३८-३९ मध्ये सुराज्याची जी भित्तिचित्रे काढली, त्यांत वेशीबाहेरच्या उतारांवर पेरणी आणि कापणी करणारी माणसे आहेत, द्राक्षमळे आहेत, आणि काळ्या अंगावर पांढरा पट्टा असलेले तेथील प्रसिद्ध डुकरही आहे. वेशीतून धान्य आत जाते आहे. ते कोणत्या हिशेबाने जाते, हे चित्रकाराने सांगितलेले नाही. त्याला काम देणाऱ्यांना ते ठाऊकच होते.

गोव्यातील वाचकांस भाटकार आणि मुंडकार हे शब्द समजावून सांगावयास नकोत. इतर ठिकाणच्या वाचकांसाठी एवढेच सांगतो की भाटकार म्हणजे जमीनमालक, आणि मुंडकार म्हणजे त्याच्या जमिनीत घर करून, त्याच्या मर्जीवर राहणारा. तोस्कानातील अर्धेलकरी हा कूळ आणि मुंडकार एकाच वेळी होता. मालकाशी झालेला करार मोडला की शेताबरोबर घरही सुटत असे. करार वर्षावर्षाचा. कुटुंबाचा कर्ता पुरुष 'कापोच्चा' तो करार करी आणि त्याच्या शब्दाने घरातील सारे जण बांधले जात. शेत मोठे आणि हात कमी, किंवा खाणारी तोंडे अधिक, असे झाले तरी मालक कुटुंब हलवू शके. म्हणूनच काही इस्टेटींत मुलाच्या लग्नालाही मालकाची संमती लागत असे. सणासुदीला कोंबडे आणि अंडी वाड्यावर पोचवावयाची, ती अर्ध्या वाट्याव्यतिरिक्त. हिशेबाच्या दोन वह्या असत, एक मालकाच्या कारभाऱ्याकडे आणि एक कुटुंबाकडे. ज्या घरात वाचता येणारे कोणी नसे, तेथे दुसऱ्या वहीचा उपयोग किती होत असेल याची कल्पना आपल्याकडील सावकारी वह्या पाहिलेल्यांना सहज करता येईल.

तरीही ही पद्धत पाच-सहा शतके टिकली, हे ध्यानात घेतले पाहिजे. एका तुकड्यावर कुटुंबाचे सारे भागले पाहिजे आणि वाटणीतही सारे काही आले पाहिजे, म्हणून एकाच शेतात गहू, ऑलिव्ह, द्राक्षे, घेवडा, मेंढ्या आणि डुकरे असा सारा संसार असे. द्राक्षवेली मेपलच्या झाडांवर चढविलेल्या आणि ओळींच्या मधून गहू. आपल्या कुळागरात पोफळीवर मिरीची वेल चढते, त्याच जातीचे हे शहाणपण होय. तोस्कानाचे जे निसर्गचित्र पाहून प्रवासी मोहित होतो, ते निसर्गाने काढलेले नसून या वाटणीच्या गणिताने काढलेले आहे.

स्वयंपाकघराचेही तेच. दुपारी मोंतेपुल्चानोत आम्हाला 'पिची' वाढण्यात आली. हाताने वळलेल्या जाड शेवयाच म्हणा ना. त्यांत केवळ पीठ आणि पाणी. अंडे नाही, कारण अंडी वाड्यावर किंवा बाजारात जात. 'रिबोल्लिता' म्हणजे 'पुन्हा उकळलेले' : काळसर कोबीची पाने आणि घेवडा यांच्या कालच्या सारात शिळा पाव घालून आज पुन्हा चुलीवर चढवावयाचे. गोव्यातील माणसाला यावर 'काल्ची कडी' आठवल्यावाचून राहणार नाही. पाव अळणी, आठवडाभर पुरणारा. अर्ध्या वाट्यात घर चालविणाऱ्या बायकांनी ही चव शोधून काढली. आज तीच चव पांढऱ्या टेबलक्लॉथवर येते आणि तिचे मोल पाहून आमच्यातील एका गृहस्थांनी चष्मा पुसून पुन्हा वाचले.

वाइनची कथा थोडी वेगळी आहे, कारण तिच्यावर मालकाचा हात अधिक होता. किआंतीतील ब्रोलिओच्या किल्ल्याचा धनी बेत्तिनो रिकासोली हा कावूरनंतर इटलीचा पंतप्रधान झालेला करारी पुरुष. त्याने अनेक वर्षे प्रयोग करून १८७२ साली एका प्राध्यापकाला लिहिलेल्या पत्रात आपला मेळ मांडला : सुगंध व जोम यांसाठी सांजोवेझे, मऊपणासाठी कानायोलो, आणि रोज प्यावयाच्या हलक्या वाइनसाठी थोडी मालवाझिया. याच माणसाचा अर्धेलीवर पूर्ण विश्वास होता आणि त्याची शिस्तही तशीच कडक होती. इकडे मोंताल्चिनोत बियोंदी-सांती घराण्याने केवळ सांजोवेझेची, दीर्घकाळ मुरवलेली 'ब्रुनेल्लो' केली. तिचे १८८८ सालचे उत्पादन आजही नावाजले जाते. मोंताल्चिनोला अभिमानास आणखी एक कारण आहे. १५५५ साली सिएना पडल्यावर तेथील प्रजासत्ताकाचे उरलेसुरले लोक याच किल्ल्यात येऊन राहिले आणि १५५९ पर्यंत त्यांनी ते चालविले. वाइन चाखण्याच्या खोलीतून तो किल्ला दिसतो. आमच्यापैकी बहुतेकांची पाठ त्याच्याकडे होती. असो.

दुसऱ्या महायुद्धानंतर अर्धेलकरी संघटित झाले. संप, मोर्चे आणि खटले झाले. १९४६ साली पंतप्रधान दे गास्पेरी यांनी दिलेल्या लवादाच्या निवाड्यातून कुटुंबाचा वाटा पन्नासाचा त्रेपन्न टक्के झाला. एवढ्या मोठ्या लढ्याचे फळ म्हणजे शेकडा तीन! पुढे १९६४ च्या कायद्याने तो अठ्ठावन्न टक्क्यांवर नेला आणि नवे अर्धेलीचे करार करण्यास बंदी घातली. १९८२ साली उरलेले करार खंडात बदलण्याची तरतूद झाली.

१९६४ हेच आपल्या गोवा, दमण व दीवच्या कूळ कायद्याचेही वर्ष. हा केवळ योगायोग, परंतु दोन्ही कायद्यांची फळे मात्र पाहण्याजोगी आहेत. आपल्याकडे १९७५ साली मुंडकारास घराचे संरक्षण मिळाले आणि १९७६ च्या दुरुस्तीने कुळास जमिनीचा मालक मानण्यात आले. अंमलबजावणीत काय काय झाले ते सांगू लागलो तर हा अंक पुरणार नाही. तथापि कसणाऱ्याचे नाव उताऱ्यावर आले. तोस्कानात कायदा येईपर्यंत कूळच निघून जाऊ लागले होते. घरात वीज नाही, नळ नाही, आणि खाली खोऱ्यात कारखान्याचा भोंगा वाजतो आहे. कोणता तरुण मुलगा चुलत्याच्या हुकमाखाली नांगर धरील? पाच-सहा शतके न हललेली कुटुंबव्यवस्था पंधरा-वीस वर्षांत उठली. काहींनी कर्ज काढून जमिनी घेतल्या हे खरे, परंतु पुष्कळांनी दारे ओढून घेतली आणि ते गेले. अन्याय्य कराराचा शेवट झाला याबद्दल खंत करण्याचे कारण नाही. मात्र शेत, घर आणि चूल यांचे जे ज्ञान त्या कुटुंबांकडे होते, त्याला वारस उरला नाही.

रिकाम्या उतारांवर मग यंत्राने लावलेले सलग द्राक्षमळे आले. मेपल गेले, ओळींमधला गहू गेला. १९८० साली ब्रुनेल्लो आणि मोंतेपुल्चानोची 'नोबिले' यांना सर्वोच्च सरकारी दर्जा मिळाला. किआंतीला तो १९८४ साली. घरांचे नशीब थोडे उशिरा उघडले. १९८५ च्या कृषिपर्यटन कायद्यानंतर शेतघरांत पाहुणे ठेवणे हा रीतसर व्यवसाय झाला. जेथे बैल बांधले जात, तो तळमजला आता न्याहारीचा दिवाणखाना झाला आहे.

सायंकाळी आम्ही पिएंझास पोचलो. एनेया सिल्विओ पिक्कोलोमिनी हा १४०५ साली येथे जन्मला, तेव्हा हे कोर्सिन्यानो नावाचे खेडे होते. १४५८ साली तो पायस दुसरा या नावाने पोप झाला आणि त्याने बेर्नार्दो रोस्सेल्लिनोकडून गावाचा मध्यभाग नव्याने बांधवून घेऊन गावास आपले नाव दिले. त्याच्या वाड्याच्या सज्जातून ओर्चा खोरे आणि आमियाता पर्वत दिसतात. हे खोरे २००४ साली जागतिक वारशात गेले. गल्ल्यांत मात्र वास पोपचा नाही, चीजचा. मेंढीच्या दुधाचे 'पेकोरिनो' हेच पिएंझाचे आजचे वैभव. ते पूर्वीही होते. अर्धेलकऱ्यांच्या बायका घरच्या चार मेंढ्यांच्या दुधाचे करीत. त्या गेल्या तेव्हा ते संपावयाचे. ते संपले नाही याचे कारण सार्दिनिया बेटावरचे धनगर. १९५० च्या दशकाच्या अखेरीपासून हे लोक कळपांसह समुद्र ओलांडून आले आणि ओसाड पडलेली शेते त्यांनी खंडाने धरली, नंतर विकतही घेतली. त्यांची भाषा वेगळी, रीत वेगळी. गावकऱ्यांनी प्रारंभी त्यांना संशयानेच पाहिले. द्राक्षांस निरुपयोगी अशा भुरकट चिकणमातीच्या ज्या टेकड्यांवर कोणास राहावयाचे नव्हते, तेथे त्यांनी मेंढ्या चारल्या.

दोन-तीन शतकांपूर्वी घर सोडून परमुलखात वसलेल्या आपल्यासारख्या घराण्यांस या हकिकतीत परके असे काही वाटू नये. आज पिएंझाच्या दुकानात चीजच्या चक्क्यावर गावाचे नाव ठळक छापलेले असते. खाली बारीक अक्षरांत उत्पादकाचे आडनाव असते, आणि ते पुष्कळदा 'उ'ने संपणारे, म्हणजे सार्दिनियाचे, निघते.