वाङ्‌मयीन अभिकर्ता

वाङ्‌मयीन अभिकर्ता : लेखकाच्या वतीने प्रकाशकाशी व्यवहार करणारा व लेखकाच्या उत्पन्नातून ठराविक दलाली घेणारा व्यावसायिक मध्यस्थ. हस्तलिखितासाठी योग्य प्रकाशक शोधणे, कराराच्या अटी ठरविणे, तसेच अनुवाद, क्रमशः प्रसिद्धी व रूपांतर यांचे हक्क स्वतंत्रपणे विकणे, ही त्याची प्रमुख कामे होत.

हा व्यवसाय एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात लंडनमध्ये उदयास आला. तत्पूर्वी अनेक लेखक एकरकमी मोबदल्यात सर्व हक्क प्रकाशकास देऊन टाकीत किंवा निम्म्या नफ्यावर समाधान मानीत. नफ्याचा हिशेब मात्र प्रकाशकाच्याच हाती असे. १८७० च्या शिक्षण कायद्यानंतर वाचकवर्ग व नियतकालिके वाढली. बर्न करार (१८८६) आणि अमेरिकेचा १८९१ चा कायदा यांमुळे ब्रिटिश लेखकांच्या स्वामित्वहक्कांना परदेशांतही संरक्षण लाभले. अमेरिकेत मात्र ग्रंथ तेथेच छापण्याची अट होती. एकाच कादंबरीतून असे अनेक विक्रेय हक्क निर्माण झाल्याने तज्ज्ञ मध्यस्थाची गरज भासू लागली.

ए. पी. वॉट (१८३४–१९१४) याने दहा टक्के दलालीची पद्धत रूढ केली. टॉमस हार्डी, रड्यर्ड किपलिंग, आर्थर कॉनन डॉइल इत्यादींचे व्यवहार तो पाही. लेखकसंघाचा (१८८४) संस्थापक वॉल्टर बेझंट याने अभिकर्त्यांचा पुरस्कार केला. उलट प्रकाशक विल्यम हाइनमन याने १८९३ मध्ये त्यांच्यावर कडाडून टीका केली. नवोदितासाठी जोखीम पतकरणाऱ्या प्रकाशकाकडून यशस्वी लेखक हिरावला जातो, हा प्रकाशकांचा आक्षेप अगदीच निराधार नव्हता.

जे. बी. पिंकर (१८६३–१९२२) याने १८९६ मध्ये व्यवसाय सुरू केला व अप्रस्थापित लेखकांनाही आश्रय दिला. जोसेफ कॉनरॅडला तो भावी लेखनाच्या भरवशावर वर्षानुवर्षे पैसे देत राहिला. या कर्जामुळे कॉनरॅड लिहू शकला. पण त्यातूनच १९१० मध्ये दोघांत तीव्र कलह झाला. अभिकर्ता लेखकाचा प्रतिनिधी असतो, तसाच त्याचा धनकोही होऊ शकतो, हे यातून दिसून आले.

विसाव्या शतकात अभिकर्त्यांमुळे लेखकांच्या स्वामित्वधनाच्या व आगाऊ रकमेच्या अटी सुधारल्या. तथापि ब्रिटन-अमेरिकेतील अनेक मोठे प्रकाशक अभिकर्त्यामार्फत न आलेली हस्तलिखिते विचारात घेत नाहीत. परिणामी ग्रंथनिवडीचा पहिला अधिकार बव्हंशी अभिकर्त्यांकडे गेला आणि नवोदितांपुढे आणखी एक उंबरठा उभा राहिला. मराठीत मात्र लेखक व प्रकाशक यांच्यातील प्रत्यक्ष व्यवहाराचीच परंपरा प्रामुख्याने टिकून आहे.