तपकिरी पट्टीच्या मतपत्रिका : होशंगाबाद निवडणूक वाद (१९५२–१९५५)

अवैध मते मोजली गेली म्हणून निवडणुकीचा निकाल न्यायालयात आव्हानित करण्याचा इतिहास भारतात पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीइतकाच जुना आहे. प्रस्तुत लेखात तत्कालीन मध्य प्रदेशातील होशंगाबाद (आजचे नर्मदापुरम) लोकसभा मतदारसंघाच्या वादाचा विचार केला आहे.

संविधान सभेचे माजी सदस्य हरी विष्णू कामत यांना ६५,२०१, तर काँग्रेसचे सय्यद अहमद यांना ६५,३७५ मते मिळाली. फरक अवघा १७४ मतांचा होता. लोकसभेच्या मतपत्रिकेवर हिरवी व विधानसभेच्या मतपत्रिकेवर तपकिरी पट्टी असे. मात्र सोभापूर येथील केंद्रांवर काही मतदारांना लोकसभेसाठीही तपकिरी पट्टीच्या पत्रिका देण्यात आल्या. त्यांपैकी ३०१ सय्यद अहमद यांच्या, तर ६२ कामत यांच्या पेटीत पडल्या. त्या वगळल्यास कामत ६५ मतांनी पुढे जात होते. निर्णय अधिकाऱ्याने मात्र सर्व पत्रिका ग्राह्य धरल्या.

त्या काळी मतदार पत्रिकेवर शिक्का मारीत नसे, तर उमेदवाराच्या स्वतंत्र पेटीत ती टाकीत असे. त्यामुळे मतदाराकडून चूक घडलीच नव्हती. ती यंत्रणेची होती. अशा मताचे काय करावे, हाच खरा प्रश्न होता.

न्यायाधिकरणाने कामत यांची याचिका फेटाळली. नागपूर उच्च न्यायालयातही त्यांना यश आले नाही. डिसेंबर १९५४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, न्या. वेंकटराम अय्यर यांनी लिहिलेल्या निकालपत्राद्वारे, विहित खूण नसलेली पत्रिका नाकारणे बंधनकारक असल्याचे सांगून सय्यद अहमद यांची निवड रद्द ठरविली. परंतु कामत यांना विजयी घोषित केले नाही. निवडणूक न्यायाधिकरणाच्या निर्णयातील उघड चूक उच्च न्यायालय प्राकर्षण आदेशाने दुरुस्त करू शकते, हे तत्त्वही याच निकालाने प्रस्थापित झाले. १९५५ च्या पोटनिवडणुकीत कामत निवडून आले.

या निकालाने नियमाचे पावित्र्य राखले. तथापि निर्दोष मतदाराचे मत बाद झालेच. पुढे निवडणूक संचालन नियम, १९६१ मधील नियम ५६ मध्ये केंद्रावरील अधिकाऱ्याच्या चुकीमुळे असा दोष उद्भवला असल्यास केवळ त्या कारणास्तव मतपत्रिका नाकारू नये, अशी तरतूद आली. १९६६ च्या दुरुस्तीने न्यायाधिकरणे संपुष्टात येऊन निवडणूक याचिका थेट उच्च न्यायालयांकडे गेल्या.

फेब्रुवारी २०२४ मध्ये चंदीगड महापौर निवडणुकीत पीठासीन अधिकाऱ्याने बाद केलेली ८ मते सर्वोच्च न्यायालयाने वैध ठरवून कुलदीप कुमार यांना विजयी घोषित केले. होशंगाबादेत अवैध मते स्वीकारली गेली होती, चंदीगडमध्ये वैध मते नाकारली गेली. दोन्ही ठिकाणी दोष मतदाराचा नव्हता. निवडणूक याचिका वरकरणी दोन उमेदवारांमधील वाद दिसते. वस्तुतः तीत पणाला लागलेले असते ते मतदाराचे मत, असा निष्कर्ष यावरून काढता येतो.