इष्टकर्म

इष्टकर्म : एखाद्या अज्ञात संख्येवर केलेल्या क्रिया आणि त्यांचे अंतिम फल दिले असता, मनास येईल ती संख्या धरून मूळ संख्या काढण्याची भारतीय पाटीगणितातील (अंकगणितातील) रीत. धरलेल्या संख्येस ‘इष्ट’, उदाहरणात दिलेल्या फलास ‘दृष्ट’ आणि शोधावयाच्या संख्येस ‘राशी’ म्हणतात. भास्कराचार्यांनी (जन्म १११४) सु. ११५० मध्ये रचलेल्या लीलावतीत ही रीत सांगितली आहे.

इष्टावर उदाहरणाबरहुकूम सर्व क्रिया कराव्यात, दृष्टास इष्टाने गुणावे आणि त्या गुणाकारास क्रियांती आलेल्या संख्येने भागावे, म्हणजे राशी मिळते. एखाद्या संख्येत तिचा निम्मा व पाव भाग मिळवल्यास ४२ होत असतील, तर ४ हे इष्ट धरल्यावर ४ + २ + १ = ७ येतात व ४२ × ४ ÷ ७ = २४ ही राशी ठरते. लीलावतीतील उदाहरणात राशीस ५ ने गुणून, गुणाकारातून त्याचाच तृतीयांश वजा करून, बाकीस १० ने भागून, भागाकारात राशीचे तृतीयांश, निम्मा व चतुर्थांश मिळवले असता ६८ होतात. तेथे ३ हे इष्ट धरून १७/४ येतात आणि राशी ४८ निघते. शून्याखेरीज कोणतेही इष्ट चालते. मात्र सर्व छेदांनी भाग जाणारी १२ ही संख्या घेतल्यास अपूर्णांक टळून १७ येतात.

राशी जितकी पट व्हावी तितकीच पट फलही होते, या प्रमाणावर ही रीत आधारलेली असल्यामुळे ती मुळात त्रैराशिकच होय. म्हणूनच राशीशी संबंध नसलेली संख्या मिळवली वा वजा केली असल्यास हे प्रमाण मोडते : वरील पहिल्या उदाहरणात शेवटी ६ मिळवून ४८ होतात असे सांगितले, तर ते ६ आधी दृष्टातून वजा करावे लागतात. असे उलट क्रमाने मागे जाणे हा ‘विलोमविधी’ असून, त्यात गुणकाचा भाजक व मिळवणीची वजाबाकी होते. आर्यभटांच्या आर्यभटीयातही (४९९) तो आला आहे.

इजिप्तमधील र्‍हिंड पपायरसात (इ. स. पू. सु. १५५०) संख्या व तिचा सप्तमांश मिळून १९ होतात, हे उदाहरण ७ धरून याच तत्त्वाने सोडवले आहे. बीजगणितात मात्र अज्ञातास चिन्ह देऊन समीकरण मांडतात. भास्कराचार्य त्यासाठी ‘यावत्तावत्’ ही संज्ञा योजतात, तर मराठी शालेय पुस्तकांत ‘क्ष’ हे अक्षर रूढ झाले.