टोनी रोच : दोघांना हवं होतं ते एक विजेतेपद

इंदूरपासून बेळगावपर्यंत आणि बडोद्यापासून हैदराबादपर्यंत ही व्याख्यानं ऐकणारी आपली मंडळी आहेत. त्यातल्या जुन्या टेनिसवेड्यांना 1966 चा डिसेंबर आठवत असेल. डेव्हिस करंडकाची अंतिम लढत मेलबर्नच्या कूयाँगला झाली, ऑस्ट्रेलिया विरुद्ध भारत. आपण 4-1 असे हरलो. पण तो एक गुण कुठून आला हे लक्षात ठेवण्यासारखं आहे. रामनाथन कृष्णन आणि जयदीप मुखर्जी यांनी दुहेरीत पहिला सेट गमावूनही चार सेटमध्ये सामना जिंकला. समोरची जोडी होती जॉन न्यूकम आणि टोनी रोच, म्हणजे आदल्याच वर्षी विम्बल्डनची दुहेरी जिंकलेली जोडी. त्या दिवशी हरलेल्या या रोचबद्दल आज बोलायचं आहे.

अँथनी रोच, जन्म 1945. सिडनी-मेलबर्न रस्त्यावरच्या टारकट्टा नावाच्या छोट्याशा गावातला मुलगा. डावखुरा, दणकट, आणि नेटजवळचा बॅकहँड असा की जाणकार अजून त्याचं नाव काढतात. 1966 साली, म्हणजे आपल्याविरुद्ध हरला त्याच वर्षी, एकविसाव्या वर्षी तो पॅरिसला लाल मातीवर फ्रेंच विजेता झाला होता. त्या अंतिम सामन्याची एक गोष्ट सांगायलाच हवी. रोचचा घोटा दुखावला होता. प्रतिस्पर्धी होता हंगेरीचा इस्तवान गुल्याश. तो सामना एक दिवस पुढे ढकलायला तयार झाला, आणि दुसऱ्या दिवशी सरळ तीन सेटमध्ये हरला. या दिलदारीबद्दल त्याला पुढे खिलाडूवृत्तीचा आंतरराष्ट्रीय पुरस्कार मिळाला. रोचच्या नावावर मात्र एकेरीचं मोठं विजेतेपद हे एवढंच राहिलं.

त्या काळी हौशी आणि व्यावसायिक खेळाडूंच्या पंगती वेगळ्या असत. पैसे घेऊन खेळणाऱ्याला विम्बल्डनचं दार बंद. 1968 च्या सुरुवातीला न्यूकम, रोच, पिलिच, ड्राइसडेल वगैरे एकदम व्यावसायिक झाले. त्याच वसंतात स्पर्धा सर्वांना खुल्या झाल्या. एवढे खेळाडू निघून गेल्यावर आयोजकांपुढे दुसरा मार्गही फारसा उरला नव्हता, असं माझं मत.

रोचचं दुर्दैव एवढंच की तो रॉड लेव्हरच्या काळात जन्मला. 1968 ची विम्बल्डन अंतिम फेरी लेव्हरकडून हरला. 1969 च्या जानेवारीत ब्रिस्बेनच्या उन्हात ऑस्ट्रेलियन स्पर्धेचा उपांत्य सामना झाला तो 7-5, 22-20, 9-11, 1-6, 6-3. गेम मोजा, नव्वद होतात. टायब्रेकर तेव्हा आला नव्हता. सप्टेंबरमध्ये न्यूयॉर्कच्या अंतिम सामन्यात रोचने पहिला सेट घेतला. मग ओल्या हिरवळीवर लेव्हरने खिळ्यांचे बूट घातले, सामना जिंकला आणि एका वर्षात चारही विजेतेपदं पुरी केली. त्या इतिहासात दोनदा आडवा आलेला माणूस रोच होता, पण फोटोत तो नेहमी नेटच्या पलीकडे. पुढच्या वर्षी तिथेच रोझवॉलने हरवलं. दुहेरीत मात्र न्यूकमबरोबर पाच विम्बल्डन.

नंतर खांदा आणि कोपर गेले. शस्त्रक्रिया झाल्या, आणि शेवटी तो फिलिपाइन्सच्या एका वैदूकडेही गेला. तसल्या उपचारांवर माझा काडीचा विश्वास नाही, पण खेळाडू किती हातघाईवर येतो ते यातून कळतं. 1974 मध्ये अमेरिकेतल्या सांघिक लीगमध्ये डेन्व्हरचा खेळाडू-प्रशिक्षक म्हणून त्याने संघाला विजेतेपद मिळवून दिलं. पुढच्या आयुष्याची दिशा तिथे दिसते. तरी 1977 च्या डेव्हिस करंडक अंतिम लढतीत, बत्तिसाव्या वर्षी, सिडनीला त्याने इटलीच्या पानाट्टाला सरळ सेटमध्ये हरवलं.

आता प्रशिक्षक रोच. हा हॅरी हॉपमनच्या तालमीतला. हॉपमन म्हणजे सोळा डेव्हिस करंडक जिंकून देणारा संघनायक. त्याचा आवडता सराव : नेटवर दोघे उभे करायचे, बेसलाइनवर एकटा, आणि एकट्याने दम तुटेपर्यंत धावायचं. रोचने तेच पुढे चालवलं. आमच्या पलटणीतही असे उस्ताद असत. बोलणं कमी, घाम जास्त, आणि स्वतःच्या पदकांचा उच्चार नाही. जवान त्यांचंच ऐकत.

1985 मध्ये इव्हान लेंडल त्याच्याकडे आला. तोवर लेंडलच्या नावावर एकच मोठं विजेतेपद होतं, आणि मोक्याच्या क्षणी कच खाणारा अशी त्याची बदनामी. पुढच्या पाच वर्षांत आणखी सात आली : अमेरिकन तीन, फ्रेंच दोन, ऑस्ट्रेलियन दोन. पण लेंडलला हवं होतं विम्बल्डन. त्यासाठीच तर हिरवळीवर वाढलेला गुरू केला. 1986 ला अंतिम फेरी, बेकरकडून हार. 1987 ला अंतिम फेरी, पॅट कॅशकडून हार. 1988 आणि 89 उपांत्य फेरी, दोन्ही वेळा बेकर. 1990 ला लेंडलने फ्रेंच स्पर्धाच सोडली आणि हिरवळीवर मुक्काम ठोकला. लंडनच्या क्वीन्स क्लबला अंतिम सामन्यात बेकरला सहज हरवलं. वाटलं, यंदा नक्की. विम्बल्डनच्या उपांत्य फेरीत एडबर्गने तीन सेटमध्ये घरी पाठवलं. बेसलाइनवर घडलेल्या खेळाडूला पंचविशीनंतर नेटवर न्यायचं, हे काम पाच वर्षांत ऐंशी टक्के होतं. उरलेले वीस टक्के बेकर-एडबर्गच्या रक्तात होते.

मग पॅट राफ्टर आला. नेटवर धावणारा, अगदी रोचच्याच पठडीतला. 1997 आणि 98 ची अमेरिकन विजेतेपदं त्याची. 1999 ला नीसमध्ये फ्रान्सला हरवून ऑस्ट्रेलियाने डेव्हिस करंडक घेतला तेव्हा संघनायक न्यूकम आणि प्रशिक्षक रोच. जुनी जोडी खुर्चीवर बसूनही तशीच खेळत होती.

आणि 2005 मध्ये आला रॉजर फेडरर. आदलं संपूर्ण वर्ष प्रशिक्षकाशिवाय खेळून त्याने तीन मोठी विजेतेपदं घेतली होती! अशा माणसाला शिकवायचं काय? रोच जवळजवळ साठीचा, प्रवासाला नाखूश. लेखी करार नाही, नुसतं हस्तांदोलन, आणि वर्षातले काही आठवडे. फेडररच्या मनात होतं पॅरिस. तिथे नदाल नावाचा डावखुरा उभा राहत होता. डावखुरा, पॅरिस जिंकलेला आणि नेटचा उस्ताद, असा गुरू दुसरा कुठे मिळणार? दोन वर्षांत सहा मोठी विजेतेपदं आली, विम्बल्डन दोनदा. पॅरिस नाही. 2005 ला उपांत्य फेरीत आणि 2006 ला अंतिम फेरीत नदालच. मे 2007 मध्ये, रोममधल्या अनपेक्षित पराभवानंतर, दोघे वेगळे झाले. गंमत बघा, पुढच्याच आठवड्यात हॅम्बुर्गला फेडररने नदालची लाल मातीवरची 81 सामन्यांची विजयमालिका मोडली.

हिरवळीचा राजा म्हणून लेंडलने त्याला घेतलं आणि हिरवळ मिळाली नाही. मातीचा विजेता म्हणून फेडररने घेतलं आणि माती मिळाली नाही. म्हणून काही लोक रोचला अपयशी ठरवतात. मला ते पटत नाही. ज्या दोन गोष्टी नाहीत त्या सगळ्यांना पाठ, आणि ज्या तेरा आहेत त्यांचा हिशेब कोणी ठेवत नाही. फेडररने पॅरिस 2009 ला घेतलं, तेही नदाल आधीच दुसऱ्याकडून हरला होता त्या वर्षी.

रोच थांबला नाही. फेडररनंतर त्याने लेटन ह्युइटला हाताशी धरलं. आणि लेंडल? तो स्वतःच प्रशिक्षक झाला. 7 जुलै 2013 ला विम्बल्डनच्या अंतिम सामन्यात अँडी मरेने जोकोविचला सरळ सेटमध्ये हरवलं, तेव्हा मरेच्या माणसांत प्रशिक्षक म्हणून लेंडल बसला होता.