तीस हजार पाठभेदांची गोष्ट

बायबल हे एक पुस्तक आहे असे आपण धरून चालतो. बारीक टाइपाचा तो जाड ग्रंथ हातात घेतला की तसे वाटणारच. पण ज्या ग्रीक शब्दावरून हे नाव आले तो शब्द अनेकवचनी आहे. त्याचा अर्थ 'पुस्तके'. आणि खरोखरीच ती पुस्तकांची पेटी आहे. प्रॉटेस्टंट पंथाच्या बायबलात ६६ पुस्तके, कॅथलिक पंथाच्या बायबलात ७३. जुना करार बहुतेक हिब्रू भाषेत, थोडा अरामी भाषेत. नवा करार त्या काळच्या व्यवहारातल्या ग्रीक भाषेत. त्यात इतिहास आहे, कायदे आहेत, गीते, म्हणी, पत्रे आहेत. नव्या करारातील २७ पुस्तकांत सर्वांत जुनी कोणती म्हणाल, तर येशूची चरित्रे नव्हेत, पौलाची पत्रे. ती इ. स. ५० पासून पुढच्या दहा-बारा वर्षांतली. मत्तय, मार्क, लूक आणि योहान यांच्या नावांवर असलेली चार चरित्रे, म्हणजे शुभवर्तमाने, त्यानंतरची. त्यांतले मार्काचे आधीचे, इ. स. ७० च्या आगेमागे लिहिलेले, असे बहुतेक अभ्यासक मानतात.

इतके प्रास्ताविक पुरे. नव्याने अभ्यास करणाऱ्याला या सगळ्याच्या आधीचा एक प्रश्न पडला पाहिजे. पौलाने किंवा मार्काने जे लिहिले, तेच आपण वाचतो आहोत हे कशावरून?

कारण मूळ प्रत एकाही पुस्तकाची उरलेली नाही. आहेत त्या नकला, नकलांच्या नकला. छापखाना युरोपात पंधराव्या शतकात आला. तोवर चौदाशे वर्षे हे लिखाण हातांनी उतरवले गेले, आधी पपायरसवर, मग चामड्याच्या पानांवर. हाताने उतरवायचे म्हटले की चुका आल्याच. दोन ओळींच्या शेवटी एकच शब्द असला तर नजर खालच्या ओळीवर घसरते आणि मधला मजकूर गळतो. समासात कोणी टीप लिहून ठेवलेली असते, पुढचा लेखनिक तिला मजकूरच समजून आत घेतो. कधी तो मुद्दाम सुधारतो, भक्तिभावाने सुधारतो. आपल्याकडच्या पोथ्या ज्यांनी चाळल्या आहेत त्यांना हे काही नवे नाही.

नव्या कराराचा ग्रीक मजकूर छापून पहिल्यांदा बाजारात आला तो १५१६ साली, इरॅस्मस या विद्वानाच्या संपादनाने, बाझल शहरात. त्याच्या हाताशी पोथ्या मोजक्याच, आणि त्याही उशिराच्या. शेवटच्या पुस्तकाच्या पोथीचे तर शेवटचे पानच गहाळ! गड्याने काय केले, तेवढा भाग लॅटिन भाषांतरावरून स्वतःच पुन्हा ग्रीकमध्ये रचला आणि छापून टाकला. पुढची दोन-तीनशे वर्षे युरोपातली बहुतेक भाषांतरे त्याच घराण्याच्या छापील मजकुरावरून झाली. एकदा छापले की ते अढळ वाटू लागते, ही छापखान्याची करामत आहे.

या अढळपणाला धक्का दिला तो इंग्लंडमधील ऑक्सफर्डच्या जॉन मिल याने. त्याने सुमारे तीस वर्षे खपून शंभराच्या आसपास हस्तलिखिते, जुनी भाषांतरे आणि प्राचीन धर्माचार्यांच्या ग्रंथांतली अवतरणे पडताळली. १७०७ साली त्याची आवृत्ती निघाली आणि दोन आठवड्यांनी तो वारला. पानांच्या तळाशी त्याने जे पाठभेद नोंदवले होते त्यांची संख्या लोकांनी काढली सुमारे ३०,०००.

मग जी खळबळ उडाली ती समजण्यासारखी आहे. ज्या ग्रंथाच्या अक्षरावर श्रद्धा, त्यात तीस हजार ठिकाणी मतभेद! डॅनिअल व्हिटबी नावाच्या धर्मपंडिताने १७१० साली मिलवर हल्ला चढवला. असले आकडे पुढे केले तर धर्माचा पाया ढासळेल असे त्याला वाटले. भीती अगदीच खोटी नव्हती. १७१३ साली अँथनी कॉलिन्स या धर्मचिकित्सकाने तेच हत्यार उचलले. त्याचे म्हणणे, तुमचेच पंडित सांगतात मजकूर डळमळीत आहे, मग आम्ही तो कशाला मानावा? बघा, एक श्रद्धावान आणि एक अश्रद्ध. पण दोघांची समजूत एकच, की पाठभेद निघाले म्हणजे ग्रंथ बुडाला.

त्याच वर्षी केंब्रिजच्या रिचर्ड बेंटली याने जे उत्तर दिले ते प्रत्येक शिक्षकाने ध्यानात ठेवण्याजोगे आहे. मिलने पाठभेद निर्माण केले नाहीत, ते पोथ्यांत होतेच. त्याने फक्त दाखवले. आणि पाठभेद फार आहेत याचे कारण पोथ्या फार आहेत. ज्या ग्रंथाची एकच पोथी उरली आहे त्यात पाठभेद शून्य. पण तिथल्या चुका दुरुस्त करायला दुसरा साक्षीदारही नाही. पंचक्रोशीतल्या जमिनीच्या तंट्यात साक्षीदार एक बरा की वीस बरे? वीस जणांच्या बोलण्यात बारीकसारीक फरक पडणारच, तरी शहाणा न्यायाधीश वीसच मागेल. आज नव्या कराराची ५,००० हून अधिक ग्रीक हस्तलिखिते नोंदलेली आहेत आणि पाठभेदांचा आकडा लाखांत गेला आहे. त्यांतले फार मोठे प्रमाण शुद्धलेखनाचे आणि शब्दांच्या मागेपुढे होण्याचे आहे.

पण मला या सगळ्यांत जवळचा वाटतो तो जर्मनीतला योहान आल्ब्रेख्त बेंगेल. हा शाळामास्तर. देंकेनडोर्फ इथल्या मठातल्या शाळेत १७१३ पासून १७४१ पर्यंत त्याने मुलांना शिकवले. माणूस अत्यंत श्रद्धाळू. विद्यार्थिदशेत या पाठभेदांनी त्याची झोप उडवली होती. त्याने डोळे मिटून घेतले नाहीत. जिथून पोथ्या मिळतील तिथून मिळवल्या आणि वर्षानुवर्षे पडताळत बसला. १७३४ साली त्याची आवृत्ती आली. समासात त्याने प्रत्येक महत्त्वाच्या पाठाला पाच ग्रीक अक्षरांपैकी एक लावले: अव्वल पाठाला पहिले, टाकाऊ पाठाला पाचवे. अगदी मास्तरी काम! पाठभेदांनी घाबरलेल्या एका विद्यार्थ्याला त्याने पत्रात लिहिले, त्याचा आशय असा, की भाकरी निःशंक खा. जात्याचा एखादा कण दाताखाली आला म्हणून जेवण सोडू नकोस. आणि हे सांगणारा स्वतः मात्र एकेक कण निवडीत आयुष्यभर बसला होता.

निवडायचे कसे, यासाठी बेंगेलने चार लॅटिन शब्दांचा एक नियम बसवला. दोन पाठांत जो अवघड, जो खटकणारा, तोच बहुधा जुना. हे उलटे वाटते ना? पण उदाहरण घ्या. मार्काच्या शुभवर्तमानाच्या अगदी आरंभी एक जुने वचन येते. जुन्या पोथ्यांत ते 'यशया संदेष्ट्याचे' म्हणून दिले आहे. वस्तुतः त्यातला पहिला भाग मलाखी या दुसऱ्याच संदेष्ट्याच्या पुस्तकाशी जुळतो. पुष्कळ उशिराच्या पोथ्यांत मात्र 'संदेष्ट्यांच्या लेखात' असे मोघम आहे. आता सांगा बघू, बदल कुठून कुठे झाला असेल? बरोबर लिहिलेले मुद्दाम चुकीचे कोण करील? खटकणारे झाकायला मात्र दहा जण पुढे येतात. म्हणून 'यशया' हाच जुना पाठ.

आता हाच नियम मार्काच्या शेवटाला लावून पाहा. सोळाव्या अध्यायात तीन स्त्रिया पहाटे येशूच्या कबरेपाशी जातात. कबर मोकळी. आत बसलेला शुभ्र वस्त्रातला तरुण त्यांना सांगतो की तो उठला आहे. त्या थरथरत पळत सुटतात आणि भीतीने कोणाला काही सांगत नाहीत. हे आठवे वचन. इथे चौथ्या शतकातल्या दोन थोर पोथ्या थांबतात: एक रोमला व्हॅटिकनमध्ये असलेली, दुसरी सिनाई पर्वताजवळच्या मठातली. ही दुसरी १८४४ आणि १८५९ साली टिशेनडोर्फ या संशोधकामुळे जगापुढे आली; तिचा मोठा भाग लंडनमध्ये आहे. पुढची बारा वचने, ज्यांत येशूचे दर्शन आणि स्वर्गारोहण येते, ती या दोहोंत नाहीत. असल्या अर्धवट वाटणाऱ्या शेवटाला पूर्णता देण्याचा मोह कोणत्याही लेखनिकाला होईल. शिवाय नवव्या वचनात मग्दालीया मरियेची ओळख नव्याने करून दिली आहे, जणू ती आठ ओळींपूर्वी भेटलेलीच नाही!

दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. ही बारा वचने काही अलीकडची नव्हेत. इ. स. १८० च्या सुमारास इरेनियस या धर्माचार्याने त्यांतला मजकूर मार्काचा म्हणून दिला आहे. म्हणजे भर असली तरी फार जुनी. मार्क तिथेच मुद्दाम थांबला, की त्याच्याही पोथीचे शेवटचे पान फाटले, यावर विद्वानांचे भांडण अद्याप चालू आहे. माझे मत विचाराल तर तो मुद्दाम थांबला असावा. पण ते मत आहे, पुरावा नव्हे.

हे सगळे परक्यांचे उद्योग असे कोणी म्हणू नये. पैठणच्या एकनाथांनी १५८४ साली ज्ञानेश्वरीच्या प्रती जमवून अपपाठ काढून टाकले आणि यापुढे कोणी आपली ओवी आत मिसळू नये असे बजावले. नाथांची ज्ञानेश्वरांवरची भक्ती कमी होती असे कोण म्हणेल? पुण्याच्या भांडारकर संस्थेने १९१९ पासून १९६६ पर्यंत महाभारताची चिकित्सित आवृत्ती सिद्ध केली ती याच वाटेने. आणि पंडिता रमाबाईंनी आयुष्याच्या उत्तरार्धात हिब्रू आणि ग्रीक शिकून संपूर्ण बायबल स्वतः मराठीत आणले, साध्या बायाबापड्यांना कळेल अशा भाषेत. ते त्यांच्या मृत्यूनंतर १९२४ साली प्रसिद्ध झाले.

शिक्षकांना एक सुचवतो. गावात मराठी बायबल कोणाकडे ना कोणाकडे मिळेल. त्यात मार्काचा शेवटचा अध्याय काढा आणि नवव्या वचनाशी कंस किंवा टीप आहे का ते पाहा. जगातल्या अनेक आधुनिक भाषांतरांत ती असते. मग आठव्या वचनापर्यंत मोठ्याने वाचून थांबा. त्यानंतर मत्तयाचा अठ्ठाविसावा आणि लूकचा चोविसावा अध्याय उघडा. मत्तयाच्या स्त्रिया भ्यालेल्या आहेत, पण हर्षाने धावत निरोप सांगायला जातात. लूकच्या स्त्रिया शिष्यांना येऊन सांगतात, आणि शिष्यांना ती नुसती बडबड वाटते. मार्काच्या स्त्रिया गप्प आहेत.